बुद्धिबळपटूंची चरित्रे

मराठीत चरित्रवाङ्मयाची ददात आहे असे कोणी म्हणणार नाही. संतांची, वीरांची, देशभक्तांची, नटांची आणि गवयांची लहानमोठी चरित्रे आपल्या भाषेत विपुल आहेत, आणि त्यांतील निदान थोडी तरी पुन्हा पुन्हा वाचावीशी वाटतात. याच पंगतीला अलीकडे बुद्धिबळपटूंचे चरित्रलेख येऊन बसू लागले आहेत. २०२५ च्या जुलै महिन्यात जॉर्जिया देशातील बाटुमी येथे नागपूरच्या दिव्या देशमुख हिने महिलांचा विश्वचषक जिंकला, तेव्हापासून तर अशा लेखांचा पूरच लोटला. आम्ही ते लेख आवडीने मिळवून वाचले. वाचून झाल्यावर मनात जी रुखरुख राहिली तिचा उलगडा करून पाहावा, एवढ्याचसाठी हे लिहिणे आहे.

हे लेख कोणी आळसाने किंवा अनास्थेने लिहिले असे मुळीच नाही. त्यांत दिव्याचे वय आहे, तिचे आईबाप वैद्यकीय व्यवसायातले आहेत ही माहिती आहे, विजयानंतर तिने आईच्या गळ्यात पडून अश्रू ढाळले त्याचे वर्णन तर प्रत्येकात आहे. ग्रँडमास्टर या किताबासाठी लागणारे निकष तिने तोवर पुरे केले नव्हते आणि या एकाच विजयासरशी तो किताब तिच्या पदरी पडला. ती भारताची ८८ वी ग्रँडमास्टर, आणि त्या पदास पोचलेली चौथी भारतीय स्त्री, हेही आहे. नाही ते इतकेच, की ती खेळली काय. अंतिम सामना कोनेरू हंपीशी होता. एक १९ वर्षांची, दुसरी ३८ वर्षांची. संथ गतीचे दोन्ही डाव बरोबरीत सुटले. त्यांतील पहिल्या डावात पांढरी मोहरी दिव्याकडे होती आणि हातातोंडाशी आलेला जय तिच्या हातून निसटला. मग जलद गतीचे डाव झाले. पहिला पुन्हा बरोबरीत. दुसऱ्यात दिव्याकडे काळी मोहरी. डाव ७५ चालींपर्यंत लांबला, घड्याळाच्या धाकात हंपीसारख्या कसलेल्या खेळाडूचा हात चुकला, आणि ती चूक दिव्याने शेवटपर्यंत सुटू दिली नाही. म्हणजे दोन दिवसांपूर्वी जिंकत आलेला डाव घालविण्याचे दुःख जिने सोसले, तिनेच काळ्या मोहऱ्यांनी शेवटचा डाव ओढून आणला. या मधल्या दोन दिवसांत तिच्या मनाचे काय झाले असेल, हा चरित्रकाराच्या कुतूहलाचा विषय नव्हे काय? पण त्याचा माग काढावयाचा तर तो त्या चार डावांतच काढावा लागतो, आणि आमचे चरित्रकार पटापाशी येऊन परत फिरतात.

विशेष हे, की ही तक्रार सर्वांआधी स्वतः दिव्यानेच केली होती. २०२४ च्या जानेवारीत नेदरलँड्समधील वाइक आन झे येथील स्पर्धा आटोपल्यावर तिने जाहीरपणे लिहिले, की प्रेक्षकांचे लक्ष आपल्या खेळापेक्षा आपल्या कपड्यांकडे, केसांकडे आणि बोलण्याच्या ढबीकडेच अधिक असते. तेव्हा ती अठरा वर्षांची होती. वर्तमानपत्रांनी ही बातमी मोठ्या सहानुभूतीने छापली, प्रेक्षकांच्या अभिरुचीस दोषही दिला. परंतु दीड वर्षाने त्याच मुलीवर जे गौरवलेख निघाले, त्यांत कपड्यांची जागा आईच्या मिठीने घेतली, एवढाच काय तो फरक. खेळ याही खेपेस बाहेर उभा राहिला.

यावर एक आक्षेप ठरलेला आहे. सामान्य वाचकास चाली समजत नाहीत. त्याच्यापुढे आकडे आणि अक्षरे मांडली तर तो पान उलटील. सबब खेळाडूचे ‘माणूसपण’ तेवढे सांगावे. आम्हांस हा आक्षेप मान्य नाही, आणि याचे कारण आमच्याच भाषेत आहे. गोविंदराव टेंबे यांनी अल्लादियाखाँ यांच्याविषयी लिहिले, तेव्हा मराठी वाचकांपैकी कितीकांना रागांचे व लयीचे शास्त्र अवगत होते? तरी त्या लेखनात खाँसाहेबांची गायकी आहे, तिची घडण आहे, तिच्यातील अवघड वळणे आहेत. आणि ज्यास सा कोठे लागला हे कळत नाही अशा वाचकासही ती वाचताना आपण काही पाहत आहो असे वाटते. टेंब्यांनी गाण्यासाठी मराठी शब्द शोधले. बुद्धिबळासाठी ते शोधण्याचे कष्ट कोणी घेतले नाहीत, आणि दोष वाचकाच्या माथी मारला. वास्तविक शह, मात, कोंडी, जोर, प्याद्याचा वजीर होणे, हे सारे शब्द घरोघर बोलण्यात रुळलेले आहेत. राजकारणावर लिहिताना ते वाटेल तितके वापरतात. खुद्द खेळावर लिहिताना मात्र ते सुचेनासे होतात, ही गंमत आहे.

तथापि सगळा दोष आजच्या लेखकांचा म्हणता येत नाही. खेळ जपावा आणि खेळाडू विसरावा, ही आपल्याकडची फार जुनी रीत आहे. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर याने १२ व्या शतकात रचलेल्या मानसोल्लासात राजाच्या क्रीडा सांगताना बुद्धिबळाचाही प्रकार आला आहे. त्यात पट आहे, मोहरी आहेत, चाली आहेत. पण कोणा खेळाडूचे नाव म्हणून नाही. त्याहून आम्हांस जवळचा दाखला पैठणचा. छत्रपती संभाजीनगरहून दक्षिणेस पन्नासएक किलोमीटरांवरील या गावातून रामेश्वरभट्ट नावाचा विद्वान काशीस जाऊन राहिला, आणि त्याच्या वंशाने पुढे शतकभराहून अधिक काळ काशीत धर्मशास्त्राची गादी चालविली. शिवछत्रपतींच्या १६७४ च्या राज्याभिषेकातील गागाभट्ट याच घराण्यातला. रामेश्वरभट्टाचा नातू शंकरभट्ट आणि त्याचा पुत्र नीलकंठ. या नीलकंठभट्टाने १७ व्या शतकाच्या पूर्वार्धात भगवंतभास्कर हा बारा मयूखांचा प्रचंड ग्रंथ लिहिला. त्याचा व्यवहारमयूख इंग्रजी अमदानीतील न्यायालयांतही प्रमाण मानला जाई, म्हणून वकीलवर्गास तो ठाऊक आहे. नीतिमयूखाची मात्र कोणी फारशी वास्तपुस्त करीत नाही. त्यात हा धर्मशास्त्री, राजनीतीचे विवरण करता करता, बुद्धिबळाचा पट मांडून बसतो. मोहरी कशी लावावी, कोणते मोहरे कसे चालते ते सांगतो, आणि घोड्याने पटावरील चौसष्ट घरे प्रत्येकी एकदाच शिवून कसे जावे याचे मार्गही पद्यात देतो. १९ व्या शतकात वेबर या जर्मन पंडिताने हा भाग युरोपातील विद्वानांपुढे ठेवला आणि बुद्धिबळाच्या इतिहासात त्यास मानाचे स्थान मिळाले.

घोड्याच्या या फेरीचे वेड आपल्या काव्यशास्त्रासही होते. ९ व्या शतकातील रुद्रटाच्या काव्यालंकारात तुरगपदबंध म्हणून जे चित्रकाव्य येते त्यात श्लोकाची अक्षरे घोड्याच्या चालीने वाचली तरी श्लोकच निघतो. अशा कवितेस कविता म्हणावे की नाही याविषयी आमचे मत प्रतिकूल आहे. पण तो वेगळा विषय. येथे सांगावयाचे ते हे, की नीलकंठभट्टाचे श्लोक हाती घेऊन आज कोणी पटावर घोडा फिरविला तर तो फेरी बिनचूक पुरी करतो. एवढी काटेकोर नोंद ठेवणाऱ्या या पंडिताने काशीत त्या काळी उत्तम खेळणारा कोण होता हे एका ओळीनेही सांगितले नाही. स्वतः तो खेळत असावा असे त्या प्रकरणाच्या उत्साहावरून वाटते; पण कसा, कोणाशी, हे गेले. पेशव्यांच्या आश्रयाने त्रिवेंगडाचार्य शास्त्री यांनी संस्कृतात बुद्धिबळाचे कूटप्रश्न रचले, त्यांचे इंग्रजी भाषांतर १८१४ साली मुंबईस प्रसिद्ध झाले. ‘युरोपीय पद्धतीस जुळवून घेतलेले’ असे त्याच्या नावातच म्हटले आहे. त्यातही कूटप्रश्न आहेत, खेळाडू नाहीत.

आणि हे सारे त्या भूमीत घडले, जेथे मराठी गद्यचरित्राचा जन्म झाला, याचा विचार मनात आल्यावाचून राहत नाही. पैठण व गोदाकाठच्या इतर गावांत चक्रधरस्वामी वावरले; त्यांच्या मागे म्हाइंभटाने १३ व्या शतकात त्यांच्या लीळा गोळा केल्या. त्याने काय केले? स्तुती रचली नाही. अमुक गावी, अमुक स्थानी, अमक्याशी बोलताना गोसावी काय म्हणाले आणि त्यांनी काय केले, हे ज्यांनी पाहिले त्यांना विचारून लिहून काढले. आणि दोघा साक्षीदारांच्या आठवणी जुळल्या नाहीत तर तो भेदही नोंदवून ठेवला. स्वामींच्या पूर्वायुष्याच्या कथेत द्यूतात हरल्याचा प्रसंग येतो, तोही त्याने गाळला नाही. बुद्धिबळपटूच्या चरित्रास याहून चांगला आदर्श आम्हांस परदेशात शोधूनही सापडत नाही. लीळा म्हणजे एक एक डाव. कोठे, कोणाशी, काय केले. आणि हरला असेल तर हरलाही.

असा डाव जपून ठेवला तर त्यातून माणूस कसा उभा राहतो, याचे उदाहरण बंगाल्यात आहे. महेशचंद्र बंदोपाध्याय हा कलकत्त्याजवळच्या खेड्यातला ब्राह्मण. जॉन कॉक्रेन नावाचा स्कॉटिश बॅरिस्टर कलकत्त्यास होता. त्याच्या तोडीचा खेळाडू तेथील इंग्रजांत मिळेना, तेव्हा १८४८ च्या सुमारास हा ब्राह्मण त्याच्यासमोर आणून बसविण्यात आला. युरोपीय नियमांशी त्याची फारशी ओळख नव्हती, असे त्या काळच्या वृत्तांतात म्हटले आहे. त्याचे घर, त्याचे गुरू, त्याचा संसार, त्याचा मृत्यू यांविषयी जवळजवळ काहीच मागे राहिलेले नाही. राहिले आहेत ते डाव, आणि तेही शेकडो, कारण कॉक्रेनला डाव टिपून ठेवण्याची सवय होती. त्यांतील बहुतेक कॉक्रेननेच जिंकलेले आहेत.

आता हे डाव चरित्र म्हणून वाचू. प्रतिपक्षी मधली प्यादी दोन दोन घरे पुढे फेकून पटाचा मध्य बळकावतो, तेव्हा महेशचंद्र त्याच्याशी झोंबत नाही. तो राजाकडील घोड्यापुढचे प्यादे एकच घर पुढे सारतो आणि त्या रिकाम्या झालेल्या घरात उंट नेऊन बसवितो. तेथून तो उंट तिरप्या रेषेने सबंध पटावर नजर ठेवून राहतो. युरोपातील जाणत्यांस त्या काळी हे बुजरेपणाचे, किंबहुना अडाणीपणाचे लक्षण वाटले. परंतु ज्याने देशी पद्धतीचा डाव पाहिला आहे त्यास ते घरचे वाटेल. देशी पद्धतीत प्यादे पहिल्या चालीसही सामान्यतः एकच घर चालते. राजास किल्लेकोट नसतो, त्याऐवजी शह बसण्यापूर्वी एकदा घोड्यासारखी उडी घेण्याची मुभा असते. अशा खेळात घाई करून उपयोग नाही; मोहऱ्यांस वाट करून द्यावयाची तर ती कडेकडेनेच द्यावी लागते. तेव्हा महेशचंद्राचे बालपण कोणत्या ओसरीवर गेले हे जरी आपणांस कळत नसले, तरी ते कोणत्या नियमांच्या छायेत गेले हे त्याच्या प्याद्यांवरून स्वच्छ दिसते. नवे नियम त्याने पत्करले, पण जुनी चाल सोडली नाही. पुढे याच धर्तीच्या बचावांस जगभर ‘इंडियन’ हे नाव पडले, आणि २० व्या शतकात मोठमोठ्या वीरांनी ते आपले केले. कॉक्रेनच्या बाजूनेही या डावांत एक स्मरणीय गोष्ट आहे: दोन प्याद्यांसाठी सबंध घोडा बळी देऊन प्रतिपक्षाचा राजा उघड्यावर आणण्याची जी धाडसी चाल त्याच्या नावाने ओळखली जाते, ती त्याने महेशचंद्रावरच चालविली. समोर दगडासारखा शांत बसणारा माणूस असल्याशिवाय असल्या युक्त्या सुचत नाहीत, असे आम्हांस वाटते. ज्याच्या जन्ममृत्यूच्या तिथी कोणास सांगता येत नाहीत त्याच्या स्वभावाविषयी आपण इतके बोलू शकतो. आणि ज्यांच्या जन्मतिथी, सत्कार, पदके यांची जंत्री पाठ आहे त्यांच्या स्वभावाविषयी आपणांस एक वाक्य धड लिहिता येत नाही.

याच्या उलट टोकाचे उदाहरण मीर सुलतान खान याचे. पंजाबातील हा खेळाडू देशी पद्धतीतच वाढलेला. १९२८ साली तो अखिल भारतीय विजेता झाला, पुढल्या वर्षी सर उमर हयात खान यांच्याबरोबर इंग्लंडास गेला, आणि १९२९, १९३२ व १९३३ अशी तीन वर्षे त्याने ब्रिटिश अजिंक्यपद मिळविले. १९३३ च्या अखेरीस तो परत आला आणि पुन्हा त्या रंगणात उतरला नाही. अशा आयुष्याभोवती दंतकथा जमावयाची ती जमलीच. निरक्षर नोकर, धन्याच्या मेजवानीत वाढपी म्हणून राबणारा, पुस्तक न वाचता जग जिंकणारा, ही गोष्ट पिढ्यानुपिढ्या सांगितली गेली. २०२० साली त्याच्यावर नवे इंग्रजी पुस्तक निघाले, तेव्हा त्याच्या कुटुंबीयांनी जाहीर हरकत घेतली, की तो निरक्षरही नव्हता व कोणाचा नोकरही नव्हता. जमीनजुमला असलेल्या घरातला तो पुरुष होता. या वादात आमचा कौल कुटुंबाच्या बाजूस झुकतो, कारण ‘अडाणी पौर्वात्याची अद्भुत बुद्धी’ ही गोष्ट साहेबास फारच सोयीची होती. पण त्याहून महत्त्वाचे हे, की वाद कसाही सुटो, हेस्टिंग्ज येथे १९३०-३१ च्या स्पर्धेत त्याने कॅपाब्लांकास हरविले तो डाव जेथल्या तेथे आहे. माजी जगज्जेता कॅपाब्लांका वजिराच्या बदल्यात दोन हत्ती देऊन बसतो. त्यानंतर सुलतान खान कसलीही चमक न दाखविता, एक एक घर पुढे जात, ६५ चालींपर्यंत त्यास गुदमरवीत नेतो. त्या डावात नोकर दिसत नाही आणि जमीनदारही दिसत नाही. अत्यंत चिवट, घाई म्हणून नसलेला एक माणूस दिसतो. २०२४ साली जागतिक संघटनेने त्यास मरणोत्तर सन्माननीय ग्रँडमास्टर केले. १९६६ साली निवर्तलेल्या माणसास या किताबाचे काय? परंतु ज्याच्या आधारावर तो देता आला ते डाव कोणीतरी लिहून ठेवले होते, हे ध्यानात घ्यावे.

ते कोणी लिहून ठेवले नसते म्हणजे काय होते, हे आम्ही आमच्या शहरात पाहिले आहे. आमच्या लहानपणी, शहर औरंगाबाद म्हणून ओळखले जात होते तेव्हा, गुलमंडीच्या बाजूस एका वाड्याच्या ओसरीवर संध्याकाळी देशी डाव चाले. एक वयोवृद्ध वकील आणि त्यांचे समवयस्क हकीम यांची जोडी ठरलेली असे. निजामी अमलात वाढलेली ती माणसे. एकजण ‘बुद्धिबळ’ म्हणे, दुसरा ‘शतरंज’ म्हणे, आणि खेळताना दोघेही बहुधा काहीच म्हणत नसत. वकीलसाहेब कधी हरले नाहीत असे सारी गल्ली सांगे. प्याद्याने मात केली तर त्यांना विशेष आनंद होई. वजिराने मात करणे त्यांना जरा हलके वाटे. ते वारले, हकीम वारले, वाडाही पडला. कधी हरले नाहीत, हे वाक्य तेवढे उरले. आणि हेच वाक्य आम्ही पुढे इतर गावांच्या इतर वृद्धांविषयी इतक्यांदा ऐकले, की त्याचा अर्थच नाहीसा झाला. त्यांचा एक डाव, हरलेला का होईना, कोणी वहीत उतरवून ठेवला असता तर या परिच्छेदात आम्हांस त्यांच्याविषयी काही सांगता आले असते. आम्ही स्वतः त्या ओसरीवर बसत होतो आणि लिहितावाचता येत होते, हेही कबूल केले पाहिजे.

स्वातंत्र्यानंतरच्या काळात ही सबब राहिली नाही. स्पर्धेतील डाव खेळाडू स्वतःच टिपून ठेवतो. तसा नियमच आहे. १९५५ साली आंध्रातील एलुरू येथे पहिली राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा झाली व तीत रामचंद्र सप्रे आणि डी. व्यंकय्या हे संयुक्त विजेते ठरले. म्हणजे स्वतंत्र भारताच्या पहिल्या दोन अजिंक्यवीरांपैकी एक मराठी. हे वाक्य वाचून वाचकांपैकी बहुतेकांना ही गोष्ट नव्याने कळली असेल, आणि ज्यांना ठाऊक होती त्यांनाही त्यापलीकडे सप्र्यांविषयी काही सांगता येईल असे वाटत नाही. भारताचे तिसरे ग्रँडमास्टर प्रवीण ठिपसे यांचे नाव अधिक परिचित आहे, पण परिचय नावाशीच. सांगलीसारख्या गावी भाऊसाहेब पडसलगीकर यांनी उभे आयुष्य वेचून स्पर्धा भरविल्या, पोरांना शिकविले; त्यांच्याविषयी ‘भीष्माचार्य’ म्हटले म्हणजे आपले कर्तव्य संपते.

सर्वांत मोठा अन्याय मात्र खाडिलकर भगिनींवर झाला आहे, आणि तो उपेक्षेने नव्हे, कौतुकाने झाला आहे. नाटककार कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या या पणत्या. वडील नीलकंठ खाडिलकर ‘नवाकाळ’चे संपादक. (पैठणच्या नीलकंठाची येथे आठवण व्हावी, हा निव्वळ योगायोग.) १९७४ साली महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली ती वासंतीने जिंकली, पुढील दशकभर ते पद या एका घराबाहेर गेले नाही. जयश्री १९७९ साली महिला आंतरराष्ट्रीय मास्टर झाली, हा मान मिळविणारी पहिली भारतीय. रोहिणी १३ वर्षांची असताना राष्ट्रीय विजेती झाली, एकंदर पाच वेळा झाली, आणि १९८१ साली हैदराबादेस व १९८३ साली क्वालालंपूरला आशियाई विजेती ठरली. १९७६ साली ती पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली, तेव्हा गहजब झाला. प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले, आणि जागतिक संघटनेचे अध्यक्ष मॅक्स यूवे, जे एकेकाळी स्वतः जगज्जेते होते, त्यांनी निर्णय दिला की राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही.

ही हकीकत थोर आहे, आणि ती सांगितलीच पाहिजे. केवळ डावांवरून माणूस कळतो असा हट्ट आम्ही धरला तर तो येथे लटका पडेल. दार कोणी अडविले होते आणि ते कसे उघडले, हे पटावर लिहिलेले नसते. चरित्रकाराची गरज नेमकी याचसाठी आहे. परंतु हकीकत सांगणारे दार उघडताक्षणीच थांबतात. १३ वर्षांची मुलगी आत गेली, समोर आपल्यापेक्षा दुपटीतिपटीने मोठे पुरुष बसले, घड्याळ सुरू झाले, आणि मग? ती सावध खेळली की अंगावर धावून गेली? बरोबरी देऊ केली तर घेत होती की नाकारीत होती? तीन बहिणी एकाच घरात, एकाच पटावर वाढल्या. तिघींचा खेळ एकसारखा होता, की थोरलीची शिस्त व धाकटीचा हूडपणा वेगळा ओळखू येई? घरी एकमेकींशी खेळताना कोण जिंके? राष्ट्रीय स्पर्धेत सख्ख्या बहिणीच समोरासमोर येत, तेव्हा ते डाव कसे होत? यांतील एकाही प्रश्नाचे उत्तर आमच्या पाहण्यात आलेल्या लेखांत मिळत नाही. ‘पहिली’, ‘सर्वांत लहान’, ‘पाच वेळा’, एवढ्या शब्दांत तिन्ही आयुष्ये बसविलेली आहेत, आणि वासंती कोण व जयश्री कोण याचाही घोटाळा होतो.

आमची सूचना साधी आहे. या तिन्ही बहिणींचे निवडक तीस-चाळीस डाव, जिंकलेले तसे हरलेले, एका मराठी पुस्तकात यावे. प्रत्येक डावाआधी स्थळ, प्रसंग व प्रतिपक्षी यांची माहिती असावी. चालींचे विवरण एखाद्या जाणत्या खेळाडूने करावे, आणि ते वाचनीय मराठीत उतरविण्यासाठी त्याच्या शेजारी एखादा लेखक बसवावा. तिघींच्या आठवणी न जुळतील तेथे म्हाइंभटाप्रमाणे तिन्ही छापाव्या. प्रारंभ १९७६ च्या त्या पुरुषांच्या स्पर्धेतील पहिल्या डावाने करावा, आणि रोहिणी तो हरली असेल तर हरल्याचाच डाव प्रथम द्यावा.